हल्ला झाला, पण केला कोणी?

माझ्या काकांनी पोलिसांत द्यायला एक अर्ज टाइप करून घेतला होता. माहूरच्या बसस्थानकाजवळ झेरॉक्सची दुकानं आहेत. जातीच्या दाखल्यापासून शेततळ्यापर्यंत कशाचाही अर्ज तिथे तयार मिळतो. अर्जाचा विषय होता, ‘माझ्या बँक खात्यावर झालेल्या सायबर हल्ल्याबाबत.’

घडलं होतं ते असं. व्हॉट्सॲपवर ‘पीक विमा यादी’ नावाची फाइल आली. काकांनी ती उघडली. तिने मागितलेल्या परवानग्या दिल्या. रात्रीतून कापसाचे ४१ हजार रुपये दोन वेळा मिळून गेले. सकाळी बँकेत गेले तर काउंटरवरचा माणूस म्हणाला, “काका, तुमच्यावर सायबर हल्ला झालाय. आता आमच्या हातात काही नाही.”

संध्याकाळी ओट्यावर बसून काका मला म्हणाले, “हल्ला म्हणते गा तो. पाकिस्तानातून झाला आसंन काय?”

मी हसलो नाही. टीव्हीवर आदल्या वर्षभरात त्यांनी तो शब्द जितक्या वेळा ऐकला, तितक्या वेळा तो पाकिस्तान किंवा चीनच्या शेजारीच बसलेला होता. आणि हल्ला म्हटलं की आणखी एक गोष्ट आपोआप ठरते: हल्ला झाला तर दार उघडं कोणी ठेवलं हे कोणी विचारत नाही. बँकेतल्या माणसाने तो शब्द मुद्दाम वापरला असं मी म्हणत नाही. त्याच्याजवळ दुसरा शब्दच नव्हता. तक्रार मला त्याबद्दल आहे.

सायबर युद्धाबद्दल मराठीत जे लिहिलं-बोललं जातं त्यात एकच शब्द राबतोय. वेबसाइट बंद पडली, हल्ला. पासवर्ड चोरीला गेला, हल्ला. शत्रुराष्ट्राने वीजकेंद्रात काही पेरून ठेवलं, हल्ला. काकांनी फाइल उघडली, तोही हल्ला. एकाच पोत्यात सोयाबीन, कापूस आणि खडे भरले की वजन होतं, भाव करता येत नाही.

पंधरा लाख

मे २०२५ मध्ये, ऑपरेशन सिंदूरनंतरच्या दिवसांत, महाराष्ट्र सायबरने एक अहवाल जाहीर केला. पहलगामच्या घटनेनंतर देशातल्या महत्त्वाच्या यंत्रणांच्या वेबसाइटवर १५ लाखांहून जास्त सायबर हल्ले झाले, त्यांतले फक्त १५० यशस्वी झाले, असं त्यात म्हटलं होतं. सात हॅकर गटांची नावंही होती. बातमी सगळीकडे गेली. आमच्या गावच्या ग्रुपवर ती आली तेव्हा खाली तिरंग्याचे इमोजी होते.

आता आकडा बाजूला ठेवून फक्त नाम बघा. १५ लाख काय? याच अहवालात कुळगाव-बदलापूर नगर परिषदेच्या वेबसाइटचं विद्रूपीकरण झाल्याचा उल्लेख होता. विद्रूपीकरण म्हणजे वेबसाइटचं पहिलं पान बदलून तिथे आपली घोषणा लावणं. ते वाईटच, पण त्याने नगर परिषदेचं पाणी थांबत नाही. अहवालातल्या दुसऱ्या प्रकारांत सर्व्हरवर बनावट गर्दी पाठवून तो गुदमरवणं होतं, व्हायरस सोडणं होतं, जीपीएसला खोटे संकेत देणं होतं. या चारही गोष्टींचं नुकसान वेगळं, उपाय वेगळा, जबाबदार खातं वेगळं. बातमीत मात्र त्या एका आकड्यात मिसळल्या.

आंतरराष्ट्रीय कायद्याच्या अभ्यासकांनी हा गोंधळ आधीच पाहिला होता. २०१३ मध्ये निघालेल्या टॅलिन मॅन्युअलमध्ये त्यांनी सायबर हल्ल्याची व्याख्या अरुंद ठेवली: ज्या कृतीमुळे माणसं जखमी होतील वा मरतील, किंवा वस्तूंची मोडतोड होईल अशी रास्त शक्यता आहे, ती. या मोजपट्टीने हेरगिरी हल्ला ठरत नाही. पान बदलणंही नाही. इराणमधल्या नतांझच्या अणुकेंद्रातली यंत्रं बिघडवणारा स्टक्सनेट, जो २०१० मध्ये उघडकीला आला, तो मात्र बसतो. तिथे खरोखरची धातूची यंत्रं फिरता फिरता निकामी झाली.

ही व्याख्या युद्धाच्या कायद्यापुरती आहे, बातमीदाराला ती बांधील नाही. पण तिने निदान एक प्रश्न विचारलाय: मोडलं काय? आपल्या बातम्या तो विचारत नाहीत.

लाईट गेली तेव्हा

एका शब्दाने किती फरक पडतो हे महाराष्ट्राने एकदा नीट अनुभवलंय.

१२ ऑक्टोबर २०२० ला सकाळी मुंबई आणि आसपासची वीज गेली. लोकल थांबल्या, दवाखाने जनरेटरवर गेले. साडेचार महिन्यांनी, २८ फेब्रुवारी २०२१ ला, न्यूयॉर्क टाइम्सने एका अमेरिकी कंपनीच्या अभ्यासाचा आधार घेऊन बातमी दिली की चीनशी जोडलेल्या गटाने भारताच्या वीजयंत्रणेत घातक सॉफ्टवेअर पेरलं होतं, आणि मुंबईतला अंधार त्याचाच इशारा असू शकतो. दुसऱ्याच दिवशी तेव्हाचे गृहमंत्री अनिल देशमुख यांनी महाराष्ट्र सायबरच्या प्राथमिक अहवालाचा हवाला देऊन सायबर घातपाताची शक्यता बोलून दाखवली. केंद्रीय ऊर्जामंत्री आर. के. सिंह यांनी मात्र मुंबईची वीज मानवी चुकीमुळे गेली, सायबर हल्ल्याचा पुरावा नाही, असं सांगितलं. मूळ अभ्यास करणाऱ्या कंपनीनेही वीज जाणं आणि ते सॉफ्टवेअर यांचा संबंध सिद्ध झाला नसल्याचं म्हटलं होतं.

एकाच अंधाराला तीन शब्द मिळाले: घातपात, बिघाड, चूक. घातपात म्हटलं की करणारा बाहेरचा, आणि खातं बळी ठरतं. बिघाड म्हटलं की करणारा कोणीच नाही. चूक म्हटलं की कोणाची, हा प्रश्न येतो आणि कोणाच्या तरी टेबलावर फाइल जाते. राज्य आणि केंद्र तेव्हा वेगवेगळ्या पक्षांच्या हातात होती, हेही लक्षात ठेवा. शब्द निवडणं इथे राजकारणच होतं.

आमच्याकडे माहूर-किनवटच्या पट्ट्यात लाईट जाणं ही बातमी नसते. इथे कोणी चीनचं नाव घेत नाही. वायरमनला फोन लावतात. ही थट्टा नाही. वायरमनला फोन लावणारा माणूस बरोबर प्रश्न विचारत असतो: कुठे तुटलं आणि कोण जोडणार?

‘वर’ या शब्दयोगी अव्ययाची करामत

‘हल्ला’ या शब्दाचं व्याकरण बघा. त्याला ‘वर’ लागतंच: बँकेवर, बंदरावर, देशावर. कोणी केला हे मात्र न सांगताही वाक्य पूर्ण होतं. ‘जेएनपीटीवर सायबर हल्ला झाला.’ संपलं.

२७ जून २०१७ ची ती घटना. नवी मुंबईजवळच्या जेएनपीटी बंदरातल्या एका खाजगी टर्मिनलचे संगणक बंद पडले आणि कंटेनर अडकले. पडद्यावर सुमारे ३०० डॉलरची मागणी होती. आपल्याकडे बातमी आली ती बंदरावर खंडणीसाठी हल्ला झाल्याची. पुढे कळलं ते दोन्ही बाजूंनी वेगळं होतं. नॉटपेट्या नावाचं ते सॉफ्टवेअर पैसे भरले तरी फाइली परत देणारं नव्हतंच; ते पुसून टाकायलाच बनवलं होतं. आणि रोख बंदरावर नव्हता, युक्रेनवर होता. टर्मिनल चालवणारी मर्स्क ही डेन्मार्कची कंपनी त्यात सापडली आणि तिच्यामार्फत आपलं बंदर. अमेरिका आणि ब्रिटनने २०१८ मध्ये रशियाच्या लष्कराला जबाबदार धरलं. म्हणजे ‘खंडणी’ खोटी आणि ‘बंदरावर’ही खोटं. दोघांच्या भांडणात तिसऱ्याच्या बांधावरची गंजी पेटावी, तसं ते होतं.

उलटं उदाहरण पुण्याचं. ऑगस्ट २०१८ मध्ये कॉसमॉस बँकेतून दोन दिवसांत सुमारे ९४ कोटी रुपये काढले गेले. त्यांतले बहुतेक एटीएमची परवानगी देणाऱ्या यंत्रणेची बनावट नक्कल उभी करून, २८ देशांतल्या एटीएममधून. आपण त्याला सायबर दरोडा म्हटलं, आणि शब्द चांगला होता. पण संयुक्त राष्ट्रांच्या तज्ज्ञ मंडळाने २०१९ मध्ये ही चोरी उत्तर कोरियाशी जोडली. एक राज्य दुसऱ्याच्या मुलखात माणसं पाठवून आपला खजिना भरतं, याला दरोडा पुरत नाही. याला जुन्या मराठीत नेमका शब्द आहे: मुलूखगिरी.

किल्ल्यावरचे शब्द

माहूरला रेणुकामातेच्या दर्शनाला येणारे बरेच जण जवळच्या डोंगरावरच्या किल्ल्याकडे वळत नाहीत. पावसाळ्यात वर गेलात तर पैनगंगेचं खोरं हिरवंगार दिसतं आणि पडक्या तटावरून चालताना हे कळतं की किल्ला घेण्याचे प्रकार किती होते. मराठीत त्या प्रत्येकाला नाव आहे, कारण प्रत्येकाचा बंदोबस्त वेगळा करावा लागायचा. शिवाजी महाराजांच्या सांगण्यावरून रघुनाथपंतांनी केलेल्या राज्यव्यवहारकोशात दुर्ग आणि शस्त्रांचे स्वतंत्र वर्ग आहेत. शब्द वेगळे ठेवणं हा राज्य चालवण्याचा भाग होता.

मग ते शब्द वापरून बघू.

कोणी सर्व्हरच्या कड्या हलवून कुठली उघडी आहे ते बघत असेल तर ती टेहळणी. मोजायचीच तर वेगळ्या रकान्यात मोजा. बनावट गर्दी पाठवून वेबसाइट गुदमरवली तर तो वेढा. आत कोणी शिरलेलं नाही, माहिती चोरीला गेलेली नाही, गर्दी हटली की दार मोकळं. नगर परिषदेचं पहिलं पान बदललं तर महाराष्ट्राला समजावून सांगायची गरज नाही, याला काळं फासणं म्हणतात. चेहरा धुतला की माणूस तोच असतो, अपमान मात्र राहतो. फाइली कुलूपबंद करून पैसे मागितले तर खंडणी. आतल्या माणसाने किंवा विश्वासाने आत घेतलेल्या फाइलने दार उघडलं तर फितुरी. आणि आज काही न करता, वेळ आल्यावर उडवण्यासाठी आत ठेवून दिलेलं सॉफ्टवेअर म्हणजे सुरुंग. वीजयंत्रणेबद्दलच्या त्या अभ्यासात खरी भीती सुरुंगाची होती. मुंबईची वीज त्याने गेली की नाही यावर सगळे भांडले, आणि सुरुंग आहे का, कोण शोधतोय, ही चर्चा मागे पडली.

हे शब्द मला अभिमानासाठी नकोत. ‘डिजिटल गनिमी कावा’ अशा मथळ्यांचा मला कंटाळा आहे. त्यांत फेटा असतो, माहिती नसते. ‘अंकीय आक्रमण’ वगैरे कोशातले शब्दही नकोत. ते काकांच्या अर्जात कधीच येणार नाहीत. वरचे शब्द हवेत ते प्रत्येकाबरोबर एक प्रश्न येतो म्हणून. वेढा म्हटलं की रसद किती दिवसांची, हे विचारतात. फितुरी म्हटलं की दारावर कोण होतं.

पण किल्ल्याची उपमा एका जागी तुटते, आणि ते लपवू नये. किल्ल्याच्या वेढ्यात वेढणारे शत्रूचे असतात. इंटरनेटवरच्या वेढ्यात ते आपलेच असू शकतात. २०१६ मध्ये मिराई नावाच्या सॉफ्टवेअरने घराघरांतले कॅमेरे आणि राउटर ताब्यात घेऊन मोठमोठ्या वेबसाइट गुदमरवल्या. मालकांना पत्ता नव्हता. इंग्रजीत अशा यंत्रांना झोंबी म्हणतात. आपल्याकडे याहून जवळचा शब्द आहे: वेठ. दुकानावर लावलेला, पासवर्ड न बदललेला कॅमेरा दुसऱ्याच्या लढाईत वेठीला धरला जातो. त्याला गुन्हेगारही म्हणता येत नाही आणि मोकळंही सोडता येत नाही.

जे वाक्य मराठीत नाही

आता सगळ्यांत अवघड भाग.

इंग्रजीतल्या ‘ऑफेन्सिव्ह सायबर’चं यंत्राने केलेलं मराठी भाषांतर मी एकदा वाचलं: ‘आक्षेपार्ह सायबर क्षमता’. इंग्रजी शब्दाचे दोन अर्थ, चढाईचा आणि मन दुखावणारा. यंत्राने दुसरा उचलला. पण चूक अगदी यंत्राचीच नाही. आमच्या तालुक्यात ‘सायबर’ हा शब्द बहुतेक वेळा ‘आक्षेपार्ह पोस्ट’च्या नोटिशीबरोबरच ऐकू येतो. चढाई करणारं सायबर आपल्या भाषेत घडतच नाही. आपण फक्त बळी असतो.

प्रत्यक्षात भारताकडे संरक्षण दलांची सायबर एजन्सी आहे. जून २०२४ मध्ये सरसेनाध्यक्षांनी सायबर क्षेत्रातल्या कारवायांसाठी तिन्ही दलांचं संयुक्त धोरण जाहीर केलं, आणि त्यात बचावाबरोबर चढाईचाही विचार आहे. यात लाजण्यासारखं काही नाही. मोठे देश हे करतातच. पण मराठीत ‘आम्ही सायबर चढाई केली’ हे वाक्य मी अजून वाचलेलं नाही. जगातही ते फारसं कोणी बोलत नाही. स्टक्सनेटचा संशय अमेरिका आणि इस्रायलवर आहे, पण दोघांनीही ते अधिकृतपणे मान्य केलेलं नाही.

कबड्डीत चढाई करणारा कोण हे सगळ्या मैदानाला दिसतं. त्याचा दम सुद्धा ऐकू येतो. म्हणून मला ‘चढाई’ हा शब्द आवडतो. त्याला कर्ता लागतो.

आणि कर्ता बदलला की नाव कसं बदलतं, हे माहूरला जुनं ठाऊक आहे. ‘गनीम’ म्हणजे शत्रू. मोगल मराठ्यांना गनीम म्हणत. ‘गनिमी कावा’ म्हणजे शब्दशः शत्रूची लबाडी. आज आपण तो अभिमानाने मिरवतो. २ फेब्रुवारी १६६१ ला उंबरखिंडीत कारतलबखानाची फौज त्या काव्यात सापडली, तेव्हा तिच्यात मोगलांकडून लढणारी माहूरची रायबागन होती. खानाला शरण जायचा सल्ला तिने दिला, असं शिवभारतात वर्णन आहे. खंडणी देऊन, सामान टाकून फौज सुटली. शाळेत ही लढाई मी खिंडीच्या वरच्या बाजूने शिकलो, आणि मला ती तशीच प्रिय आहे. पण आमच्या गावची बाई खाली होती. खालून त्याच गोष्टीला दुसरं नाव असणार.

याचा आजचा अर्थ असा. भीमा-कोरेगाव प्रकरणात, आरोपींच्या वकिलांच्या विनंतीवरून अमेरिकेतल्या आर्सेनल कन्सल्टिंगने एका आरोपीचा लॅपटॉप तपासला. फेब्रुवारी २०२१ मध्ये समोर आलेल्या त्यांच्या अहवालात म्हटलं होतं की कोणा अज्ञात हल्लेखोराने नेटवायर नावाच्या सॉफ्टवेअरने आत शिरून तिथे फाइली ठेवल्या. एनआयएने हा निष्कर्ष मान्य केला नाही. खरंखोटं न्यायालय ठरवेल. मी फक्त शब्द बघतोय. कोणाच्या तरी लॅपटॉपमध्ये शिरकाव झाल्याचा तो आरोप होता, तरी ‘सायबर हल्ला’ हा शब्द आपल्या मथळ्यांत त्याला क्वचितच मिळाला. करणारा परका आहे असं आपण आधीच ठरवलं तरच आपल्याकडे तो शब्द निघतो. तसं असेल तर ‘हल्ला’ कृतीचं नाव राहिला नाही, तो शत्रूचा पत्ता झालाय.

अर्ज

काकांचा अर्ज मी परत घेतला आणि विषय खोडला. रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकात ग्राहकाची जबाबदारी कशावर ठरते ते दिलं होतं: चूक कोणाची, आणि ग्राहकाने बँकेला किती दिवसांत कळवलं. ‘सायबर हल्ला’ या दोन शब्दांत यातलं काहीच येत नाही.

आम्ही नवीन लिहिलं. अमुक तारखेला, अमुक वाजता, या क्रमांकावरून या नावाची फाइल आली. मी ती उघडली. रात्री इतक्या वाजता आधी इतके, मग इतके रुपये गेले. मी कोणालाही ओटीपी सांगितलेला नाही. सकाळी इतक्या वाजता बँकेत तोंडी कळवलं, तेव्हा लेखी पोच दिली नाही. १९३० वर तक्रार केली, तिचा क्रमांक हा.

“मी ती उघडली, हे कशाला लिवतो?” काका म्हणाले. “माझीच चूक दिसंन.”

मी म्हणालो, “काका, तुम्ही काय केलं ते लिहिलं, तरच त्यांनी काय केलं नाही ते विचारता येईल.”

त्यांना ते फारसं पटलं नाही. तरी सही केली. दुकानदाराने नवीन प्रत काढली आणि जुनी चुरगाळायला घेतली, तेवढ्यात काकांनी ती मागून घेतली. मागची बाजू कोरी होती. त्यावर त्यांनी खताचा हिशोब मांडला.

पैसे अजून आलेले नाहीत. पण या वेळी बँकेने अर्जावर शिक्का मारून तारीख घातलीय.